दुसरं रीळ

“मालक, अहो मालक, सोडा ती मूठ. मी धरते.”

बेन्विंदाने अबिलिओ रेबेलोची बोटं कॅमेऱ्याच्या मुठीवरून एकेक करून उकलली. सकाळचे नऊ वाजले होते, ऑक्टोबरचं ऊन बेलेमच्या रस्त्यावर तापल्या तव्यासारखं पसरलं होतं आणि हा माणूस थंडीने कुडकुडत होता. त्याचे दात वाजत होते. कपाळावरचा घाम गार लागत होता. तो कॅमेऱ्याच्या तिकाटण्याला धरून उभा राहायला गेला, तशी ती अख्खी घोडी कलंडायला लागली. तिने एका हाताने कॅमेरा सावरला आणि दुसऱ्या हाताने मालकाला.

“गाडी बोलवा कुणीतरी!” ती ओरडली.

“गाडी?” आइस्क्रीमवाला बिबियानो दुकानाच्या दारातून म्हणाला. कॅमेरा त्याच्याच पायरीवर मांडलेला होता. “मिरवणूक दोन चौकांवर आलीय, बये. आत्ता या गल्लीत मुंगी शिरायची नाही, घोडा कुठला शिरतो! आत आण त्याला. साखरेच्या पोत्यांवर झोपव.”

दोघांनी मिळून त्याला आत नेलं. पोत्यांवर आडवा होताच अबिलिओने तिचं मनगट पकडलं.

“पहिलं रीळ सांभाळ. बिशप आहेत त्यात. गव्हर्नर साहेब आहेत, बाईसाहेब आहेत. देवळाच्या पायऱ्या उतरताना. ते गेलं तर मी गेलो समज.”

“आणि दुसरं?”

“राहिलं ते. राहू दे.”

“राहू दे कसं मालक? मंगळवारी काय दाखवणार?”

त्याने डोळे मिटून घेतले. गावातल्या प्रत्येक भिंतीवर त्यांची जाहिरात चिकटलेली होती. ‘मंगळवारी या आणि मिरवणुकीत चालताना स्वतःला पडद्यावर पाहा!’ तिने स्वतः खळ लावून निम्म्या भिंती रंगवल्या होत्या. समोरच्या चौकात रिओहून आलेल्या एका माणसाने नवं चित्रगृह उघडलं होतं, विजेचे दिवे आणि वेताच्या खुर्च्यांचं. लोक मंगळवारी आले आणि त्यांना स्वतःच्या जागी तीन मिनिटं नुसते बिशप दिसले, तर ते परत कशाला येतील? आणि अबिलिओचा सिनेमाचा हॉल बंद पडला, तर सव्वीस वर्षांच्या कोळशासारख्या काळ्या बाईला पुन्हा नदीकाठी धुणं बडवायलाच जावं लागणार होतं, आईच्या शेजारी.

विसाव्या वर्षी ती अबिलिओच्या फोटो स्टुडिओत काचा धुवायला आली होती. त्याने पुढे फिल्मचा कॅमेरा आणला, तेव्हा फिल्मही तीच धुवायला लागली. हॉलचा ऑपरेटर दारू पिऊन पडायचा, त्या संध्याकाळी प्रोजेक्टरची मूठ तीच फिरवायची. सेकंदाला दोन फेरे. ना कमी, ना जास्त. हात कसा चालवायचा हे तिला पाठ होतं. पण कॅमेऱ्याच्या भिंगाचं झाकण तिने आजवर कधी काढलं नव्हतं. त्याला हात लावायची मनाईच होती.

तिने दुसऱ्या रिळाची पेटी कॅमेऱ्याला चढवली. खिळी दोनदा निसटली.

“अगं, काय करतेस?” बिबियानो म्हणाला. “मोडलं तर तुझ्या सात पिढ्या फेडतील का?”

“तुम्ही फक्त लोकांना पायरीवर चढू देऊ नका.”

मिरवणुकीचा आवाज आधी आला, मग माणसं. नाझारेच्या मातेची मूर्ती काचेच्या रथात, आणि रथाला बांधलेला मांडीएवढा जाड दोर. शेकडो अनवाणी माणसं तो दोर ओढत होती. कुणी डोक्यावर मेणाचा हात घेतला होता, कुणी मेणाचं मस्तक, कुणी पुठ्ठ्याचं घर. जे बरं झालं, जे मिळालं, त्याची ही परतफेड. बेन्विंदाने भिंगाचं झाकण काढलं, डोळा लावला आणि मूठ फिरवायला सुरुवात केली.

“ए ताई, कॉफी दळतेस का?” गर्दीतून कुणीतरी ओरडलं. “आम्हाला पण एक कप टाक!”

“साखर जास्त!” दुसरा म्हणाला. सगळे हसले. ते हसणं फिल्मवर गेलं, ते बरंच झालं. ती हसली नाही. ती मोजत होती. एक-दोन, एक-दोन. मनात सारखं येत होतं, हात घाईला येतोय का? आपण घाबरलो की भरभर चालतो. पडद्यावर ही सगळी माणसं कोंबड्यांसारखी तुरुतुरु पळताना दिसली तर?

दोर पायरीसमोर आला. त्या खेचाखेचीत तिला पांढरा रुमाल बांधलेलं एक डोकं दिसलं. आई. कायेताना दोराला लटकल्यासारखी चालत होती. गुडघ्याने अधू झालेली, पन्नाशी उलटलेली बाई, पण नवस होता. बेन्विंदाचा धाकटा भाऊ रबराच्या जंगलातून जिवंत परतला होता, म्हणून दोर ओढायचाच होता तिला. “कडेनं चाल,” असं बेन्विंदाने तिला दहादा बजावलं होतं. ती मधोमध चालत होती.

मागून रेटा आला. दोर एकदम ताणला गेला, मग सैल पडला, आणि पांढरा रुमाल खाली गेला. नाहीसाच झाला. त्या जागेवरून पाय जायला लागले.

बेन्विंदाच्या तोंडून आवाज फुटला, पण हात थांबला नाही. पुढे आयुष्यभर ती या क्षणाकडे परत परत जाई आणि प्रत्येक वेळी तिला तेच दिसे: उडी मारावी, कॅमेरा पडला तर पडू दे, असं तिला वाटलं होतं. नक्की वाटलं होतं. आणि हात सेकंदाला दोन फेऱ्यांनी फिरतच राहिला होता. एक-दोन. एक-दोन. कुणाचे तरी हात खाली गेले. मूठ अचानक हलकी झाली. फिल्म संपली होती.

तिने डोळा बाजूला केला तेव्हा आई उभी होती. एक पाय उचलून धरलेला, रुमाल मानेवर आलेला, आणि दोन्ही हात दोरावर. ती लंगडत पुढे गेली. तिने मागे वळून पाहिलंसुद्धा नाही.

*

फिल्म घेऊन काम संपत नाही, खरी भीती त्यानंतर असते. बेलेमचं पाणी ऑक्टोबरात अंगाला कोमट लागतं. तसल्या पाण्यात फिल्म धुतली, तर तिच्यावरचा जिलेटिनचा लेप सायीसारखा सुटून येतो आणि हातात नुसती काचेसारखी कोरी पट्टी राहते. चित्र उमटवणारं डेव्हलपरचं पाणी गार हवं, धुवायचं पाणी गार हवं. म्हणजे बर्फ हवा.

“बर्फ?” बिबियानोने दोन्ही हात कपाळाला लावले. “आज? अगं, अख्खं गाव माझ्या दारात जीभ बाहेर काढून उभं आहे!”

“दोन लाद्या द्या. मालक बरे झाले की बघतील.”

“मालक बरा होईल तेव्हा होईल.” त्याने मागे पोत्यांवर कण्हणाऱ्या अबिलिओकडे पाहिलं आणि आवाज खाली आणला. “एक सांग. माझी पाटी येईल का पडद्यावर? दुकानाची?”

कॅमेरा त्याच्याच पायरीवर होता. भिंगाचं तोंड रस्त्याकडे आणि पाठ दुकानाकडे. पाटी येणं शक्यच नव्हतं.

“येईल,” बेन्विंदा म्हणाली.

“मोठी?”

“वाचता येईल एवढी.”

तिने गोणपाटात, लाकडाच्या भुशात गुंडाळलेल्या लाद्या डोक्यावर घेतल्या. कॅमेरा आणि रिळं काखेत. हॉलमागच्या, फिल्म धुवायच्या अंधाऱ्या खोलीपर्यंतची वाट एरवी पाव तासाची, पण सणाच्या गर्दीत ती पाऊण तासाची झाली. पाणी मानेवरून पाठीत ओघळत होतं. प्रत्येक ओघळ जाणवला की तिला वाटे, हे चाललं, वितळलं, पोचेपर्यंत गोणपाट तेवढं उरणार.

हॉलच्या मागच्या दाराशी कायेताना बसली होती. पाय सुजून भोपळ्यासारखा झाला होता.

“आई! इथे कशाला आलीस? घरी जाऊन पाय वर करून पडायचं ना!”

“घरी सणाचं बदक शिजतंय, ते शेजारीण बघतेय.” कायेतानाने तिच्याकडे वर पाहिलं. “तू तिथे होतीस ना, त्या डब्याच्या मागे?”

“होते.”

“मला पडताना पाहिलंस?”

बेन्विंदाने लाद्या खाली ठेवल्या. पाठ वळवूनच म्हणाली, “पाहिलं. हात थांबला नाही, आई.”

कायेतानाने सुजलेला पाय हाताने सरळ केला. मग म्हणाली, “माझापण दोरावरनं सुटला नाही.”

बेन्विंदाने बर्फाचा एक तुकडा फोडून तिच्या पायापाशी नेला, तर तिने तो ढकलून दिला. “माझ्या पायाला कशाला? तुझ्या त्या फितीला लाव जा. आणि ऐक. मी उठले, ते आलंय का बघ. नुसती पडलेली दाखवू नकोस मला लोकांना. सगळ्या धोबिणी येणार आहेत मंगळवारी.”

“आलं नसेल तर?”

“नसेल तर कापून टाक. तुझ्याकडे कात्री आहे की नाही?”

आतल्या खोलीत लाल दिवा लावून तिने बर्फाचा अंदाज घेतला. दोन लाद्यांची दीड लादी झाली होती. टाकीभोवती एकदा बर्फ रचून, धुवायच्या पाण्यात घालून एक रीळ नीट होणार होतं. दुसऱ्याला अर्धामुर्धा गारवा मिळणार होता.

उजवीकडे मालकांचं रीळ होतं. बिशप, गव्हर्नर साहेब, बाईसाहेब. डावीकडे तिचं.

तिने डावीकडचं घेतलं. आपण नवं औषध कालवलंय, ते मालकांच्या मोलाच्या फिल्मवर कशाला तपासा, आधी आपल्यावर तपासू, असं तिने स्वतःला सांगितलं. हे कारण खोटं आहे, हे तिला तेव्हाही ठाऊक होतं.

चौकटीवर फिल्म गुंडाळून तिने ती टाकीत सोडली. पारा अठरावर होता. तिने मनात साठ-साठ मोजायला घेतलं. दाराबाहेर आई कुणाशी तरी पायाबद्दल बोलत होती. फिल्मवर काळे डाग उमटायला लागले, डागांची माणसं झाली. चित्र पक्कं करणाऱ्या हायपोच्या पाण्यातून काढल्यावर तिने शेवटची पट्टी दिव्यासमोर धरली. तिथे सगळं उलटं होतं. ऊन काळं, सावल्या पांढऱ्या. आईचा रुमाल काळाकुट्ट आणि तिचा काळा चेहरा दुधासारखा. एकेक चौकट सरकवत ती पुढे गेली. रुमाल आहे. रुमाल नाही. नाही. नाही. पाय, पाय, पाय. मग दोन हात खाली गेलेले. मग गर्दीतून वर येणारा तो काळा ठिपका. गुडघा जमिनीवर, एक हात दोरावर, मान वर. आणि त्यापुढे काही नाही. फिल्म तिथेच संपत होती.

तिने ती पट्टी पुन्हा पाहिली. जणू परत पाहिल्याने एखादी चौकट वाढणार होती.

मग मालकांचं रीळ. बर्फाचं गार पाणीच काय ते उरलं होतं. पारा तेवीस, चोवीस. तिने तुरटीचं पाणी करून ठेवलं, लेप घट्ट व्हावा म्हणून, आणि देवाचं नाव घेत रीळ सोडलं. फिल्मची पहिली दोन मिनिटं तरली. बिशप तरले. शेवटच्या भागाशी आली तेव्हा पट्टीच्या कडेला चुण्या पडताना तिला दिसल्या. तिने ती भराभर तुरटीत बुडवली, पण उशीर झाला होता. गव्हर्नर साहेब बाईसाहेबांचा हात धरून पायऱ्या उतरता उतरता पाण्यात विरघळून गेले. टाकीच्या तळाशी राखेसारखा थर तेवढा उरला.

*

सोमवारी दुपारी अबिलिओचा ताप उतरला. पिवळ्याधमक चेहऱ्याने, शाल गुंडाळून तो वाळत घातलेल्या फिल्मसमोर येऊन बसला. बराच वेळ त्याने दोन्ही रिळं पाहिली.

“गव्हर्नर कुठायत?”

“बर्फ पुरला नाही, मालक.”

“आधी कुठलं धुतलंस?”

तिने लटकलेल्या पट्टीचं टोक सरळ केलं.

“बेन्विंदा, आधी कुठलं धुतलंस?”

“दुसरं.”

ओरडेल, हाकलून देईल, हात उचलेल, असं काय काय तिच्या मनात येऊन गेलं. त्याने तिच्याकडे फक्त पाहिलं. मग दुसऱ्या रिळाचं टोक पुन्हा उजेडात धरलं.

“ही पडतेय ती कोण?”

“माझी आई.”

“आई.” त्याने पट्टी खाली ठेवली. “लोक बिशपना विसरतील. हिला विसरणार नाहीत. एवढं बरं मी घेतलं नसतं.” त्याने शाल घट्ट ओढून घेतली. “आता नीट ऐक. गव्हर्नरचं काय झालं ते मी कुणाला सांगणार नाही. उजेड कमी होता म्हणून सांगेन. तू राहशील, तुझं काम राहील. आणि दुसरं रीळ कुणी घेतलं, हे तू कुणाला सांगायचं नाही. ना आज, ना मी मेल्यावर. कळलं?”

“कळलं.”

ती बाहेर आली. कायेताना पाय ताणून बसली होती.

“काय गं? उठले का मी?”

“उठतेयस.”

“उठतेयस म्हणजे काय? उठले की नाही?”

“गुडघ्यावर आहेस. हात दोरावर आहे. तिथे फिल्म संपली.”

“संपली कशी? मी पार देवळापर्यंत चालत गेले!” कायेताना चिडली. मग तिने थोडा विचार केला. “मान खाली आहे की वर?”

“वर.”

“मग राहू दे.”

सोमवारी रात्री त्या उलट्या फिल्मवरून पडद्यासाठी सुलट प्रती निघाल्या, आणि मंगळवारी संध्याकाळी हॉलमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती. मागच्या बाकांवर धोबिणी दाटीवाटीने बसल्या होत्या. ऑपरेटर नेमका शुद्धीवर नव्हता, त्यामुळे मूठ बेन्विंदाच्याच हाती होती. बिशपना लोकांनी टोप्या काढून नमस्कार केला. मग दुसरं रीळ सुरू झालं आणि हॉल पेटला. “तो मी! तो मी!” “अगं तुझा नवरा बघ, कुणाकडे बघतोय!” “कॉफी दळतेस का, म्हणालो ना मी, तोच हा!” दुसऱ्या रांगेतून बिबियानोचा आवाज आला, “पाटी कधी येणार?” आणि मागाहून पुन्हा, “अहो, पाटी?”

पांढरा रुमाल खाली गेला तसा सगळा हॉल गप्प झाला. एक बाई किंचाळली. बेन्विंदाच्या तळव्याला घाम सुटला होता, मूठ निसटत होती. तिला आईच्या बाजूला पाहायचं धाडस होईना. पडद्यावर पाय आले, पाय गेले, हात आले, आई गुडघ्यावर आली, आणि पडदा पांढराफेक झाला.

“मेली बिचारी,” अंधारात कुणीतरी म्हणालं.

“मेली तुझी सासू!”

मागचं बाक करकरलं. प्रोजेक्टरच्या उजेडात, धोबिणींच्या डोक्यांच्याही वर, कायेताना बाकावर एका पायाने उभी राहिली होती.

“मी आहे ती! बघा! उठले की नाही?”

क्षणभर लोकांना कळेना. मग हसण्याचा आणि टाळ्यांचा असा गदारोळ झाला की भिंतीवरचे दिवे थरथरले. लोक बाकांवर चढून तिला पाहायला लागले. “पुन्हा लावा! पुन्हा लावा!” त्या संध्याकाळी ते रीळ चार वेळा लावावं लागलं आणि चारही वेळा कायेताना वेळेवर उठून उभी राहिली. शेवटी पडद्यासमोर अबिलिओ आला, पिवळ्या चेहऱ्याने, आणि त्याने वाकून अभिवादन केलं. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्राने लिहिलं, सेन्योर रेबेलोंच्या कॅमेऱ्याला भीती ठाऊक नाही.

बिबियानो तीन महिने बेन्विंदाशी बोलला नाही.

*

त्यानंतर अकरा वर्षं अबिलिओच्या नावाने फिल्म निघत राहिल्या. रबराच्या वखारी, बोटींच्या शर्यती, एका पुढाऱ्याची प्रेतयात्रा. त्याचा ताप दर पावसाळ्यात परत येई, आणि ताप आला की मूठ बेन्विंदाकडे जाई. कधी कधी ताप नसतानाही जाई. प्रत्येक वेळी ती रीळ टाकीत सोडताना धास्तावलेलीच असे, कारण एकदा हातून गेलेलं परत आणता येत नाही, हे ती शिकली होती. आपलं नाव लावा म्हणायचं तिच्या जिभेवर एक-दोनदा आलं. पण प्रत्येक वेळी तिच्या डोळ्यांसमोर टाकीच्या तळाचा तो राखेसारखा थर यायचा, आणि ती गप्प बसायची.

रबराचा भाव कोसळला, गाव रिकामं झालं, बोलपट आले, हॉलची वखार झाली. कायेताना साथीच्या तापात आधीच गेली होती. अबिलिओ गेल्यावर त्याच्या मुलीने रिओला निघताना फिल्मचे डबे उकिरड्यावर टाकायला काढले होते. बेन्विंदाने ते हातगाडीवर घालून घरी आणले. ती लोकांचे कपडे इस्त्री करून पोट भरायची. डबे घराच्या मागच्या सावलीच्या बाजूला ठेवायची, महिन्यातून एकदा उघडून वारा द्यायची. आंबूस वास आला की फिल्म कुजायला लागली समजून ते रीळ बाजूला काढायची. दर वर्षी एक-दोन डबे असे बाजूला जात.

एकोणीसशे त्रेपन्न साली साओ पाउलोच्या एका संग्रहालयाचा तरुण माणूस तिचा पत्ता शोधत आला. विलासा नाव, जाड चष्मा, घामाने भिजलेला कोट. अबिलिओ रेबेलोवर तो काहीतरी लिहीत होता.

“दोना बेन्विंदा, तुम्ही त्यांच्याकडे कामाला होतात ना? हे डबे तुम्ही कसे वाचवलेत, देव जाणे. ते मोठे माणूस होते. तुमच्या भागात सगळ्यात आधी कॅमेरा घेऊन उभे राहिलेले. आणि मिरवणुकीची ती फिल्म! बाई पडते तरी त्यांचा हात ढळत नाही.”

बेन्विंदा अडुसष्ट वर्षांची होती. समोरच्या कपातली कॉफी तिने ढवळली, साखर कधीच विरघळली होती तरी ढवळत राहिली. शब्द दिला होता. ना आज, ना मी मेल्यावर.

“ते त्या दिवशी तापाने पडले होते,” ती म्हणाली. “आइस्क्रीमच्या दुकानात. साखरेच्या पोत्यांवर.”

विलासाने पेन थांबवलं. “मग फिल्म कुणी घेतली?”

“मी.”

तो तिच्याकडे पाहत राहिला. चांगला मुलगा होता, हसला नाही. “काही कागद आहे? पत्र, फोटो, काहीही?”

“मूठ मी फिरवत होते, बाळा. माझा फोटो कोण काढणार?”

“पाहिलेलं कुणी आहे?”

“सगळ्या गावाने पाहिलं. सगळे मेले.”

त्याने वहीत काहीतरी टिपलं. “मी नोंद करतो,” असं म्हणाला. चौदा डबे ओल्या गोणपाटात गुंडाळून त्याने बोटीवर चढवले. तो दिसेनासा झाल्यावर बेन्विंदा अंगणात बसली आणि आपण हे काय बोलून बसलो, या धसक्याने तिला संध्याकाळभर काही सुचलं नाही.

पाच महिन्यांनी पत्र आलं. भावाची मुलगी इरासी शाळेत शिकवायची, तिने ते वाचून दाखवलं. चौदांपैकी सहा फिल्म वाचल्या होत्या. सोबत टाइप केलेली यादी होती. पाच नावांपुढे लिहिलं होतं, कॅमेरा: अबिलिओ रेबेलो. मिरवणुकीपुढे लिहिलं होतं, कॅमेरा: अज्ञात.

“अज्ञात!” इरासी भडकली. “आत्या, तू सांगितलं होतंस ना त्याला तोंडावर? अज्ञात म्हणे! मी आत्ताच्या आत्ता लिहिते त्याला.”

बेन्विंदाने इस्त्री बाजूला उभी केली. “म्हणजे मालकांचं नाव काढलं त्याने?”

“काढलं. पण तुझं कुठे घातलं?”

“त्याच्याकडे कागद नव्हता. काय करणार तो?” ती यादीकडे पाहत राहिली. वाचता फारसं येत नव्हतं, पण तो शब्द कुठे आहे ते तिने इरासीकडून बोट ठेवून दाखवून घेतलं. मग म्हणाली, “घे कागद. लिहायचंच आहे तर लिही.”

इरासी टेबलाशी सरसावून बसली.

“लिही, डबे उभे ठेवू नका, आडवे ठेवा. एकावर एक तीनपेक्षा जास्त नकोत. झाकण घट्ट लावू नका, त्यांना श्वास लागतो. आंबूस वास आला की त्याच दिवशी ते रीळ वेगळं काढा, बाकीच्यांना लागण होते. मिरवणुकीच्या रिळाचं शेवटचं टोक हाताळताना कोरडे हात ठेवा, त्या रिळाचा लेप तुरटीने धरलेला नाही.”

“आणि नावाचं?”

“तुमच्याकडे गारवा असेल. तरी उन्हाळ्यात बर्फ ठेवा शेजारी. झालं.”

“आत्या, नावाचं काय लिहू?”

“तू काही लिहू नकोस. सही मी करते.”

तिने पेन घेतलं. शाळा तिला दोन वर्षंच मिळाली होती आणि एवढं मोठं नाव तिने आयुष्यात फार वेळा लिहिलं नव्हतं. बेन्विंदा दा कोन्सेसांव सेशास. ती एकेक अक्षर थांबून, विचार करून उमटवत होती. बाहेर दुपारचा पाऊस सुरू झाला, इरासी दोरीवरचे कपडे काढून आत आली, तरी ती मधल्या नावापर्यंतच पोचली होती.

“पोस्ट बंद होईल, आत्या.”

“होऊ दे,” बेन्विंदा म्हणाली आणि तिने पुढचं अक्षर काढायला घेतलं.